बाबा पदमनजींवर माहितीपट करायचाय, श्रद्धा कॅमेऱ्यात कशी धरायची?

कॅम्पातला_कॅमेरा

नमस्कार मंडळी. बरेच दिवस हा धागा काढायचं मनात होतं, आज काढतोय. मी बेळगावचा, लग्नाबारशाचे व्हिडिओ काढून पोट भरतो, घर मराठी ख्रिस्ती. गेल्या पावसाळ्यात आज्जीची ट्रंक उघडली, ती गेल्यावर पहिल्यांदाच, तर आत तिचं गीतांचं पुस्तक, दोन नऊवारी, आणि कव्हर गेलेलं, वाळवीनं कडा खाल्लेलं 'अरुणोदय' सापडलं. बाबा पदमनजींचं आत्मचरित्र, १८८८ सालचं. आज्जीकडं होती ती पुढच्या कुठल्यातरी आवृत्तीची प्रत. रात्री वाचायला घेतलं ते पहाटेपर्यंत ठेवता आलं नाही.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो, हा माणूस आपल्या बेळगावात १८३१ मध्ये जन्मला. कासार समाजातलं घर, आणि घरात देवधर्म भरपूर. इथल्या लंडन मिशनच्या शाळेत शिकला, मग मुंबईला गेला, तिथं जातिभेद मोडू बघणाऱ्या परमहंस मंडळीत वावरला आणि १८५४ मध्ये परत बेळगावात येऊन बाप्तिस्मा घेतला. तीन वर्षांनी, १८५७ मध्ये 'यमुनापर्यटन' लिहिलं, ज्याला मराठीतली पहिली कादंबरी म्हणतात. मोल्सवर्थच्या मोठ्या मराठी-इंग्रजी कोशाची आटोपशीर आवृत्ती केली, मासिकं चालवली, पाद्री झाला, १९०६ मध्ये वारला. गेल्या महिन्यात मी ओळखीच्या दहा जणांना हे नाव विचारलं, सगळे शिकलेले, सगळे मराठीचा अभिमान असलेले. नऊ जणांना माहीत नव्हतं.

तर मी चाळीसेक मिनिटांचा माहितीपट करायचं ठरवलंय. कॅमेरा माझाच आहे, एडिटिंग येतं, पैशाचं बघू. अडलंय एकाच ठिकाणी. सनावळ्या दाखवता येतात, इमारती दाखवता येतात, पण एक तेवीस वर्षांचा पोरगा घरदार, जात, नातीगोती सगळं पणाला लावून एका विश्वासाकडं जातो, ते आतलं कसं दाखवायचं? तुमच्यापैकी कुणी असल्या विषयावर काम केलं असेल तर मनापासून सांगा.

निपाणीकर_दादा

विषय फार चांगला घेतलास. माझं स्पष्ट मत सांगतो, राग मानू नकोस. तू त्याला पहिला कादंबरीकार म्हणूनच घे. विधवांची दुःखं लिहिणारा, समाजसुधारक, कोशकार. बाप्तिस्मा एका वाक्यात सांगून पुढं जा. आजकाल धर्मांतराचा नुसता शब्द काढला की लोक बाकी काही ऐकत नाहीत, कमेंटमध्ये भांडणं लागतात, आणि तुझी सगळी मेहनत त्यात वाहून जाईल. सीमाभागात आपल्याला आधीच भाषेचं एक दुखणं आहे, त्यात आणखी एक कशाला.

सकाळची_उपासना

मी याच्या अगदी उलट म्हणेन. कादंबरी वगैरे ठीक आहे पण त्यांचं मोठेपण त्यांच्या विश्वासात आहे. मंडळीत, म्हणजे आपल्या चर्चच्या लोकांत, दाखवायचा असेल तर साक्ष हवी, परिवर्तनाचा क्षण हवा. साहित्याचा भाग पाच मिनिटांत आटपा.

कॅम्पातला_कॅमेरा

दादा, ताई, दोघांचं प्रेम कळतंय मला. पण तुम्ही दोघांनी मिळून एका माणसाचे दोन तुकडे केलात बघा.

'यमुनापर्यटन'ची गोष्टच घ्या. यमुना आणि तिचा नवरा विनायक महाराष्ट्रभर हिंडतात, ठिकठिकाणी विधवांचे हाल बघतात, आणि मग विनायकच जातो आणि यमुना स्वतः विधवा होते. पुढं ती ख्रिस्ती होते आणि पुनर्विवाह करते. आता यातून सुधारणा वेगळी काढून दाखवा बरं. विधवाविवाहाचा कायदा १८५६ चा, कादंबरी १८५७ ची, म्हणजे माणूस एकदम ताज्या जखमेवर लिहीत होता, आणि त्याला विधवेचं दुःख दिसलं ते त्याच्या विश्वासाच्या डोळ्यांनी दिसलं. विश्वास काढला तर यमुना अर्ध्या रस्त्यात थांबते. आणि नुसता विश्वास ठेवला, विधवा काढल्या, तर मग त्यानं कादंबरी लिहिलीच कशाला, प्रवचन लिहिलं असतं.

भांडणं होतील याची भीती मलापण आहे, खोटं का बोलू. पण भीतीपोटी माणसाच्या आयुष्यातला सगळ्यात मोठा निर्णय एका वाक्यात गुंडाळणं मला जमणार नाही.

हौदु_की

मी घरी कन्नड बोलतो, मराठी शाळेत शिकलो, म्हणून दोन्हीकडचं बोलतो. फर्डिनांड किट्टेल बघा. बासेल मिशनचा जर्मन पाद्री, १८५३ मध्ये आला, आमच्या धारवाड-हुबळीकडं राहिला, मंगळुरात राहिला आणि १८९४ मध्ये कन्नड-इंग्रजी कोश काढला. बेंगळुरात त्याचा पुतळा आहे. त्याला पाद्री म्हणून कुणी लपवत नाही आणि कोशकार म्हणून मान द्यायला कुणी कचरत नाही. तुमचा पदमनजी तर बाहेरून आलेलापण नाही, याच मातीतला. त्याच्यावर मराठीत फिल्म होतेय तर कन्नड सबटायटल मी फुकट करून देतो, शब्द दिला.

कॅम्पातला_कॅमेरा

सर, तुमचा शब्द मी धरून ठेवतो. कन्नड सबटायटल हवंच होतं.

ओवीवेडा

श्रद्धा कशी दाखवायची या प्रश्नावर माझा अनुभव सांगतो, जरा लांबेल.

काही वर्षांपूर्वी मी फादर थॉमस स्टीफन्सवर एक छोटी फिल्म केली होती. इंग्लंडमधून निघालेला हा जेझुइट, म्हणजे येशू संघाचा कॅथलिक धर्मगुरू, १५७९ च्या ऑक्टोबरात गोव्याला उतरला आणि १६१९ मध्ये वारला तोवर तिथलाच होऊन राहिला. त्याचं 'क्रिस्तपुराण' १६१६ मध्ये छापलं गेलं, जवळजवळ अकरा हजार ओव्या, आणि मराठी भाषेचं त्यानं केलेलं कौतुक तर शाळेच्या पुस्तकापासून आपण ऐकत आलोय. आम्ही काय केलं, ज्यांनी पैसे दिले त्यांच्या आग्रहानं एका नटाला काळा झगा घातला, दाढी चिकटवली, हातात पीस दिलं आणि मेणबत्तीच्या उजेडात लिहायला बसवलं. दोन दिवस शूटिंग, सगळं बजेट त्यात. एडिटला बसलो तेव्हा कळलं की त्या शॉटमध्ये काहीच नाही. नट आहे, झगा आहे, मेणबत्ती आहे, पण स्टीफन्स नाही.

मग काय केलं ऐका. चंदगडकडच्या एका गावात माळकरी म्हातारे बसले होते, हरिपाठ म्हणणारे, त्यांना ओव्या वाचायला दिल्या, कोणाच्या ते आधी सांगितलं नाही. त्यांनी चष्मे लावले आणि त्यांच्या ठरलेल्या चालीत म्हणायला लागले, कुठं अडखळणं नाही. चार-पाच ओव्यांनंतर एकजण थांबला, म्हणाला हे येशूचं आहे काय हो, आणि होय म्हटल्यावर मान हलवून पुढं म्हणायला लागला. चारशे वर्षांपूर्वीच्या त्या परदेशी माणसानं आपली श्रद्धा कुठल्या साच्यात भरून ठेवली होती ते मला त्या दिवशी कळलं. नटाचे सगळे शॉट काढून टाकले, तो सात मिनिटांचा अखंड शॉट ठेवला. पैसे देणारे नाराज झाले, होऊ देत.

आणखी एक गोष्ट तुझ्या कामाची. स्टीफन्सनं १६०८ मध्ये रोमला पत्र लिहून मराठी अक्षरांत छपाई करायची परवानगी मागितली होती. पुस्तक निघालं ते रोमन लिपीतच. १६१६, १६४९, १६५४ अशा तीन आवृत्त्या निघाल्या आणि त्यातली एकही छापील प्रत आज हाताशी नाही, पुढं हस्तलिखितांवरून १९०७ मध्ये मंगळुरात परत छापलं, तेही रोमनमध्येच. देवनागरीतली एक हस्तलिखित प्रत लंडनच्या मार्सडेन संग्रहात आहे. हे सगळं सांगायला झगा-दाढी लागत नाही. रिकाम्या टेबलावर एक पत्र आणि मागं आवाज, एवढ्यात माणसाची तळमळ कळते. माझं म्हणणं एवढंच की पदमनजींना नट देऊ नकोस, आवाज दे. 'अरुणोदय' त्यांच्याच शब्दांत आहे, यापेक्षा मोठी देणगी कुठल्या डायरेक्टरला मिळते?

जुनी_कागदं

ओवीवेड्यांना शंभर टक्के अनुमोदन. कागदपत्रांचं मी सांगते, लायब्ररीत आयुष्य गेलंय.

लंडन मिशनरी सोसायटीनं बेळगावात १८२० मध्ये काम सुरू केलं आणि १९०४ मध्ये इथलं सगळं मेथडिस्ट या अमेरिकन प्रॉटेस्टंट पंथाच्या मिशनकडं सोपवलं. त्यामुळं तुमची कागदं दोन खंडांत विभागलीत. १९०४ पर्यंतचे रिपोर्ट आणि पत्रं लंडनला सोआस (SOAS) या विद्यापीठाच्या लायब्ररीत, आणि मेथडिस्टांचं अमेरिकेत, न्यू जर्सीतल्या ड्रू विद्यापीठात. दोन्हीकडं ईमेल करून स्कॅन मागवता येतात, पैसे लागतात, वेळ लागतो, म्हणून शूटिंगच्या आधी मागवा, नंतर नको. हाताशी असलेलं म्हणजे मुंबई गॅझेटियरचा बेळगाव खंड, १८८४ चा, नेटवर फुकट आहे, त्यात त्या काळचं गाव, बाजार, शाळा, धंदे सगळं वाचायला मिळतं. बेनन स्मिथ शाळेवरून आपण रोज जातो पण बेनन आणि स्मिथ हे दोघे त्याच लंडन मिशनचे पाद्री होते हे किती जणांना ठाऊक आहे?

कॉपीराइटचं, लेखक गेल्यावर साठ वर्षं पुरी झाली की मजकूर मोकळा, त्यामुळं पदमनजींचं सगळं लिखाण बिनधास्त वाचा. पण बायबलमधलं वचन वापरताना कुठलं भाषांतर घेताय ते बघा, आत्ताची सुधारित भाषांतरं मोकळी नाहीत.

गोवावेस

एक भन्नाट आयडिया. बोगारवेसपासून सुरुवात कर! कन्नडमध्ये बोगार म्हणजे कासार. पदमनजी कासार घरातले. पहाटेचं बोगारवेस, तांब्यापितळेच्या भांड्यांचा आवाज, आणि निवेदन, इथंच त्या मुलाचं बालपण गेलं... काटा येतोय लिहिताना.

कॅम्पातला_कॅमेरा

मलापण आला काटा. पण 'इथंच' हा शब्द मला म्हणता येणार नाही रे. त्यांचं घर बोगारवेशीत होतं असं माझ्या वाचनात कुठं आलेलं नाही. नावाचा अर्थ खरा, त्यांचा समाज खरा, पण दोन खऱ्या गोष्टी शेजारी ठेवून तिसरी आपण तयार केली की तो माहितीपट राहत नाही. शॉट मी घेणार, नक्की घेणार, भांड्यांचा आवाजपण घेणार. निवेदनात एवढंच म्हणेन की या गावात कासारांच्या नावाची वेस आहे आणि कासाराच्या घरातल्या एका मुलाची ही गोष्ट आहे.

गोवावेस

मान्य. हे जास्त चांगलं आहे खरंतर.

खानापूरची_लेक

मी कॅथलिक, घरी कोकणी, बाहेर मराठी, ऑफिसात कन्नड. तुमच्या धाग्यात प्रॉटेस्टंटच जास्त आलेत म्हणून आमच्या बाजूचं थोडं.

संतांवरच्या फिल्म मी लहानपणापासून बघत आलेय, चर्चच्या हॉलमध्ये पडद्यावर. त्यात संत जन्मल्यापासूनच संत असायचा, त्याला भूक लागत नाही, राग येत नाही, शंका येत नाही. मला ते कधी जवळचे वाटले नाहीत. मग संत जुझे वाझ यांच्याबद्दल वाचलं. गोव्यातल्या बाणावलीचा माणूस, १६५१ चा जन्म, आपल्या कर्नाटकाच्या किनाऱ्यावर कानडा भागात १६८१ पासून तीन वर्षं काम केलं, मग डचांनी कॅथलिकांवर बंदी घातलेल्या सिलोनमध्ये भिकाऱ्याच्या वेषात अनवाणी शिरला, तर कँडीत त्याला पोर्तुगीजांचा हेर म्हणून तुरुंगात टाकलं. १७११ मध्ये तिथंच वारला. बीटिफिकेशन, म्हणजे संतपदाच्या आधीची पायरी, १९९५ मध्ये आणि संतपद २०१५ मध्ये, तीनशे वर्षं! चर्चसुद्धा एखाद्याला संत म्हणायच्या आधी इतकी चौकशी करतं, साक्षी घेतं, आणि आपण दोन मिनिटांच्या म्युझिकमध्ये चमत्कार उरकतो. चमत्कार सांगायचा असेल तर ज्यानं अनुभवला त्याच्या तोंडून येऊ दे, नाव-गाव-चेहऱ्यासकट. निवेदकानं तो स्वतः सांगू नये आणि खोडूपण नये.

दुसरं, अवघड आहे पण लिहिते. गोव्यात १५६० पासून १८१२ पर्यंत मध्ये थोडा खंड सोडला तर इन्क्विझिशन, म्हणजे पाखंड शोधून शिक्षा करणारं चर्चचं न्यायालय, होतं. त्या धाकानं कितीतरी कुटुंबं घाट चढून कर्नाटकात आली, त्यात हिंदूपण होते आणि ख्रिस्तीपण. १६८४ मध्ये तर व्हाइसरॉयनं कोकणी बंद करायचा हुकूमच काढला. ओवीवेडे काका, तुमच्या स्टीफन्सच्या फिल्ममध्ये हे होतं का? मी ख्रिस्ती आहे, मला माझा धर्म जीव की प्राण आहे, आणि तरीही मला वाटतं की हे आपणच सांगितलं पाहिजे. दुसऱ्यानं ओरडून सांगितलं की ते शिवी होतं. आपण सांगितलं की तो कबुलीजबाब होतो, आणि कबुलीजबाब तर आपल्या संस्कारातलाच आहे.

ओवीवेडा

ताई, नव्हतं. असायला हवं होतं. तुमची पोस्ट तीनदा वाचली.

तिसऱ्या_बाकावर

खानापूरच्या ताईंनी फार मोलाचं लिहिलंय. मी हिंदू आहे, आणि एक बाजू राहतेय म्हणून लिहितो. माझ्या पणजोबांचे भाऊ ख्रिस्ती झाले होते. घरात त्यांचं नाव घ्यायची बंदी होती, पणजीनं म्हणे त्यांचं ताट तसंच वाढून ठेवलं होतं कितीतरी दिवस, आणि मग एक दिवस विहिरीत टाकलं. ताट, जेवण नाही. ही गोष्ट आमच्या घरात अजून सांगतात, आणि सांगताना अजून आवाज बदलतो.

जो गेला त्याच्या श्रद्धेची गोष्ट कराच. पण दारात उभं राहिलेल्यांची पण करा. कवी नारायण वामन टिळकांनी १८९५ मध्ये बाप्तिस्मा घेतला आणि लक्ष्मीबाई मागं राहिल्या, पाच वर्षांनी, १९०० मध्ये त्यांनीही घेतला. मधल्या काळात त्यांचं काय झालं ते त्यांनी स्वतः लिहिलं म्हणून आपल्याला कळलं. ज्यांच्या बायकांनी, आयांनी लिहिलं नाही त्यांचं काय? पदमनजींच्या घरच्यांचं दुःख तुमच्या फिल्ममध्ये आलं तर माझ्यासारखा माणूस शेवटपर्यंत बसेल, भांडायला उठणार नाही.

कॅम्पातला_कॅमेरा

तुमच्या पणजीचं ताट वाचून मी उठून बाहेर जाऊन आलो. काय लिहू.

तुमची गोष्ट कॅमेऱ्यासमोर सांगाल का? चेहरा नको असेल तर नुसता आवाज, नुसते हात. मला ती फिल्मच्या बरोबर मध्यात हवी आहे, बाप्तिस्म्याच्या लगेच नंतर.

तिसऱ्या_बाकावर

आईला विचारतो. ती माझ्यापेक्षा चांगलं सांगेल.

निपाणीकर_दादा

मी सकाळी लिहिलेलं मागं घेतो. एका वाक्यात गुंडाळायचा विषय नाही हा.

आवाजवाला_शहापूर

आता जरा कामाचं बोलूया, भावना बऱ्याच झाल्या 🙂 मी साउंडवाला, दहा वर्षं लग्नं आणि भजनी मंडळं रेकॉर्ड केलीत.

चर्चमध्ये सगळ्यात मोठा शत्रू घुमारा. कॅमेऱ्यावरच्या माइकवर विसंबू नकोस, शब्द ओळखूच येणार नाहीत. बोलणाऱ्याच्या कॉलरला छोटा लेपल माइक लाव, वेगळा रेकॉर्डर ठेव आणि दोन्ही जोडायला सुरुवातीला एक टाळी वाजव. प्रत्येक जागेचा नुसता शांत आवाज दोन मिनिटं तरी घे, रिकाम्या चर्चचा, बागेचा, घराचा. एडिटला बसल्यावर तेच कामाला येतं. कॅम्पात सेंट मेरीज चर्चमध्ये, १८६९ चं दगडी बांधकाम आहे, आत पाऊल टाकल्यावर जो आवाज येतो तो मी अजून कुठं ऐकला नाही.

खानापूरकडं जून ते सप्टेंबर शूट ठेवू नकोस, पत्र्यावर पाऊस पडायला लागला की मुलाखत गेली. ट्यूबलाइटखाली घेणार असशील तर पंचवीस फ्रेम आणि शटर एकपन्नासांशवर ठेव, आपल्याकडची वीज पन्नास हर्ट्झची, नाहीतर चित्र लुकलुकतं. कॅम्प आणि किल्ल्याजवळ ड्रोन विसर, लष्कराचा भाग आहे, साध्या कॅमेऱ्यालापण आधी विचारून परवानगी घे.

उपासना चालू असताना वेदीसमोरून चालायचं नाही, फ्लॅश नाही, आणि प्रसाद घेणाऱ्यांचे चेहरे जवळून घ्यायचे नाहीत. हे कुणी लिहून देत नाही पण पाळायचं. आमच्याकडं वारीत लोक डोळे मिटून नाचतात तेव्हा मी लेन्स खाली करतो, तसंच.

सकाळची_उपासना

हे शेवटचं वाचून बरं वाटलं भाऊ. आमच्या मराठी उपासनेत अजून नारायण वामन टिळकांचे अभंग म्हणतो आम्ही, टाळ घेऊन, पेटी घेऊन. या एखाद्या रविवारी. आणि मीही जरा विचार केला. साक्ष हवी म्हटलं होतं मी, पण कॅमेरा लागला की आमची माणसं पाठ केल्यासारखं बोलतात, खरंय. ते कसं टाळायचं?

ओवीवेडा

तुमचा विश्वास काय आहे असं विचारू नका, माणूस लगेच प्रवचनावर जातो. सकाळी उठल्यावर पहिल्यांदा काय करता ते विचारा. शेवटची प्रार्थना कधी केली, कुणासाठी केली ते विचारा. त्यांच्या हातात काम असू दे, तांदूळ निवडत असतील तर निवडू दे. आणि उत्तर संपलं असं वाटल्यावर लगेच पुढचा प्रश्न टाकू नका, मनात दहा मोजा. खरं बोलणं बहुतेक वेळा त्या दहामध्ये येतं.

खानापूरची_लेक

अजून एक नाव सुचवते, पुढच्या फिल्मसाठी. पंडिता रमाबाई. नाव काढलं की सगळे पुण्याजवळचं केडगाव म्हणतात, तिथं त्यांचं काम होतं, पण जन्म आपल्या कर्नाटकातला, १८५८ चा, गंगामूळच्या रानातला. १८८३ मध्ये इंग्लंडात बाप्तिस्मा, १८८९ मध्ये मुंबईत शारदा सदन, आणि शेवटची वर्षं हिब्रू आणि ग्रीकवरून बायबल मराठीत आणण्यात घातली, केडगावला मुलींनीच खिळे जुळवून छापलं. त्या १९२२ मध्ये गेल्या आणि पुस्तक १९२४ मध्ये बाहेर आलं. आधी मुलगी मनोरमा गेली होती, १९२१ मध्ये. पोटची पोर गेल्यावर म्हातारी आई प्रुफं तपासतेय, एवढा एकच विषय घेतला तरी पुरे.

कॅम्पातला_कॅमेरा

ताई, रमाबाई तुम्ही करा. खरंच सांगतो, कॅमेरा मी देतो. तुम्हाला कोकणी, मराठी, कन्नड तिन्ही येतात आणि तुम्ही जे बघता ते मला दिसत नाही.

आता माझं काय ठरलंय ते लिहितो म्हणजे तुम्ही चुका काढाल. नट नाही, दाढी नाही. पूर्ण फिल्मभर 'अरुणोदय'मधले उतारे, पण एकाच आवाजात नाही. बेळगावातलीच वेगवेगळी माणसं वाचणार, एक कॉलेजची मुलगी, एक भांड्यांचे दुकानदार काका, आमच्या मंडळीतल्या एक आज्जी, आणि जमलं तर आवाजवाल्याच्या भजनी मंडळातले बुवा. पदमनजी एका धर्मातून दुसऱ्यात गेले पण बोलत राहिले त्याच मराठीत, तर त्यांची मराठी सगळ्यांच्या तोंडी असू दे. 'यमुनापर्यटन'मधला विधवांचा भाग बायकाच वाचतील. मध्यात ते ताट. जे कागदात आहे ते निवेदक सांगेल, जे लोक सांगतात ते लोकच सांगतील, या दोन्हीची सरमिसळ कुठं होऊ देणार नाही. चूक काढली की मी दुरुस्त करीन, फिल्म झाल्यावरसुद्धा.

पहिलं वाचन मंडळीतल्या त्या आज्जींचं. वय झालंय, डोळे अधू, तरी पान दाखवल्यावर म्हणाल्या की मला चष्मा नको, हे मी तरुणपणी इतक्यांदा वाचलंय. आणि डोळे मिटून सुरू झाल्या. मी कॅमेरा नेलाच नव्हता.

आवाजवाले, शनिवारी सहाला येऊ शकाल का? साडेसातनंतर त्यांच्या गल्लीत हॉर्न सुरू होतात. अंगणात पेरूचं झाड आहे, पोपट येतात, त्यांचा आवाज राहिला तर चालेल मला.

आवाजवाला_शहापूर

साडेपाचला येतो. पोपट यायच्या आधीची शांतता हवी आहे मला दोन मिनिटं.

तिसऱ्या_बाकावर

आई हो म्हणाली. आणि तिनं एक गोष्ट सांगितली जी मलाही माहीत नव्हती. पणजीनं ताट विहिरीत टाकलं, पण वाटी ठेवली होती. अजून आहे, देवघराखालच्या कपाटात. घेऊन येतो म्हणाली.